झाकली मूठ आणि दिवाणी दावा

(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेत मनीमाजरा येथे दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



सुवर्णमहोत्सवासारख्या मंगल प्रसंगी व्याख्यानासाठी एखाद्या साहित्यिकाला पाचारण करावे, निदान एखाद्या कीर्तनकाराला तरी. परंतु आपल्या कार्यकारिणीने या वेळी एका निवृत्त वकिलाला उभे केले आहे. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे आपले पूर्वज सांगून गेले. ती पायरी मी चाळीस वर्षे रोज चढलो. तेव्हा माझ्या शहाणपणाविषयी आपला काय ग्रह झाला असेल, हे मी जाणतो. तरीही हे निमंत्रण मी आनंदाने स्वीकारले, त्याला एक कारण आहे. आपण सारे महाराष्ट्रापासून दूर राहणारी माणसे. आपले बिऱ्हाड इकडे आणि वडिलार्जित घराचे कागद तिकडे; किंवा घर तिकडे आणि त्याचे कागद इथल्या एखाद्या ट्रंकेत. अशा कुटुंबांत तंटा उपस्थित झाला, म्हणजे पहिला प्रश्न हक्क कोणाचा हा नसतो. कागद कोणापाशी आहेत, आणि ते तो दाखवील का, हा असतो. आजचा माझा विषय तोच आहे: दिवाणी दाव्यात एका पक्षाने दुसऱ्याकडे कागदपत्रे मागणे आणि मागितलेली कागदपत्रे हजर करणे.

विषय रुक्ष वाटेल. पण ज्या गावात आपण आज जमलो आहोत, त्या गावानेच त्याचे एक जिवंत उदाहरण आपल्यासमोर ठेवले आहे. मनीमाजऱ्याचा जुना किल्ला आपण सर्वांनी पाहिलेला आहे. याच मनीमाजऱ्याच्या राजा गोपालसिंगांनी १८११ ते १८१५ या काळात मनसादेवीचे मंदिर बांधले. नवरात्रात आपल्यापैकी कितीतरी जणी तिथे ओटी भरायला जातात. पुढे हा किल्ला फरीदकोटच्या राजघराण्याकडे आला. फरीदकोटचे शेवटचे राजे हरिंदरसिंग ब्रार १६ ऑक्टोबर १९८९ रोजी निवर्तले. त्यांचा एकुलता मुलगा १९८१ सालीच अपघातात गेला होता. राजांच्या पश्चात एक मृत्युपत्र पुढे आले. त्यावर तारीख होती १ जून १९८२. त्या कागदाप्रमाणे मनीमाजऱ्याचा किल्ला, दिल्लीचे फरीदकोट हाऊस आणि इतर सारी मिळकत एका विश्वस्त संस्थेकडे जाणार होती. थोरल्या कन्या अमृत कौर यांना काहीच मिळत नव्हते. १९९२ साली त्यांनी चंडीगढच्या न्यायालयात दावा लावला आणि हे मृत्युपत्र खरे नव्हे, असे प्रतिपादन केले.

त्यानंतर काय झाले, ते सालांच्या भाषेत सांगतो. २०१३ साली कनिष्ठ न्यायालयाने मृत्युपत्र बनावट ठरवले. २०१८ साली जिल्हा न्यायालयाने तो निर्णय कायम केला, २०२० साली पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयाने, आणि ७ सप्टेंबर २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने. त्या शेवटच्या खंडपीठाचे अध्यक्ष सरन्यायाधीश उदय लळित होते. सोलापुरात जन्मलेल्या मराठी न्यायमूर्तीच्या हातून मनीमाजऱ्याच्या किल्ल्याचा निवाडा व्हावा, हा योगायोग आपल्या मंडळाच्या दप्तरात नोंदवून ठेवण्याजोगा आहे. दावा लागल्यापासून तीस वर्षे गेली होती. हजारो कोटींची म्हणून जिची गणना होत होती, ती मिळकत एका कागदाच्या खरेखोटेपणावर तीस वर्षे लोंबकळत राहिली.

या खटल्यात जो कागद न्यायालयापुढे आला, तो खोटा ठरला. परंतु दिवाणी कज्ज्यांत त्याहून कितीतरी अधिक वेळा घडते ते वेगळेच: खरा कागद असतो, आणि तो पुढे येतच नाही. कोणाच्या तरी कपाटात, कुलपाआड, तो शांतपणे पडून राहतो. आपल्यात म्हणच आहे, झाकली मूठ सव्वा लाखाची. व्यवहारात ही म्हण पुष्कळदा उपयोगी पडते. दिवाणी न्यायालयात मात्र ती फसवी आहे, हे आज मला आपल्यापुढे मांडायचे आहे.

कागद मागण्याची रीत इंग्रजांनी शिकवली, असे आपण समजतो. ते अर्धेच खरे आहे. मराठेशाहीत वतनाचा तंटा उभा राहिला, म्हणजे आधी दोन्ही पक्षांकडून होणारा निवाडा मान्य करण्याचा राजीनामा आणि जामीन घेत. मग दोघांच्या तकरिरी होत, वंशपरंपरेची हकीकत सांगणारे करीने लिहून घेतले जात, आणि आपापले भोगवट्याचे कागद पुढे ठेवावे लागत. गोत बसे, साक्षी होत आणि महजर लिहिला जाई. कागद बनावट असण्याची शक्यता तेव्हाही होती. म्हणूनच जुन्या निवाड्यांत शिक्का, तारीख आणि अक्षर यांची छाननी दिसते. पण प्रतिपक्षाच्या घरात असलेला त्याच्याच विरुद्धचा कागद शपथेवर बाहेर काढण्याची जी पद्धतशीर सोय आहे, ती इंग्लंडच्या चान्सरी न्यायालयात वाढली. तिच्यामागचे तत्त्व सरळ आहे. दावा म्हणजे जुगार नव्हे. दोन्ही बाजूंचे कागद दोन्ही बाजूंना आधीच कळले, तर पुष्कळसे कज्जे सुनावणीपूर्वीच मिटतील. आणि न मिटणाऱ्यांचा निकाल तरी उजेडात लागेल.

आपल्याकडे ही सोय १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत आहे. तिच्या अकराव्या आदेशात सगळी रीत सांगितली आहे. ती शक्य तितक्या सोप्या शब्दांत आपल्यापुढे ठेवतो.

प्रथम, ज्या कागदावर आपण स्वतः विसंबून आहोत, तो दाव्याबरोबर किंवा कैफियतीबरोबर आपणच हजर करायचा असतो. तसे न केल्यास पुढे न्यायालयाच्या परवानगीवाचून तो पुराव्यात घेता येत नाही. हे झाले आपल्या सोयीच्या कागदांविषयी. गैरसोयीच्या कागदांसाठी बारावा नियम आहे. दाव्याचा कोणताही पक्ष न्यायालयाला अर्ज करू शकतो की, दुसऱ्या बाजूच्या ताब्यात किंवा अधिकारात या वादाशी संबंधित जे जे कागद आहेत किंवा होते, ते त्याने शपथेवर सांगावे. दाव्याचा योग्य निकाल लागण्यासाठी किंवा खर्च वाचवण्यासाठी हे आवश्यक आहे असे न्यायाधीशांना वाटले, तर ते तसा हुकूम करतात. आवश्यक न वाटल्यास करीत नाहीत.

या हुकमानंतर जे प्रतिज्ञापत्र करावे लागते, त्याचा नमुना संहितेच्या परिशिष्टात छापलेला आहे. चाळीस वर्षे कायद्याची पुस्तके वाचूनही मला त्या अर्ध्या पानाच्या नमुन्याइतके कठोर लिखाण क्वचित आढळले. त्यात दोन याद्या असतात. पहिल्या यादीचे दोन भाग: माझ्यापाशी असलेले आणि दाखवण्यास माझी हरकत नसलेले कागद; आणि माझ्यापाशी आहेत, पण दाखवण्यास हरकत आहे असे कागद, हरकतीच्या कारणासह. दुसरी यादी अधिक बोचरी आहे. जे कागद पूर्वी माझ्यापाशी होते, पण आज नाहीत, ते शेवटी केव्हा होते, त्यांचे पुढे काय झाले आणि आता ते कोणापाशी आहेत, हे त्यात लिहायचे असते. आणि शेवटी शपथेवर सांगायचे असते की, यांखेरीज या वादासंबंधीचा एकही कागद माझ्या, माझ्या वकिलाच्या किंवा माझ्या वतीने दुसऱ्या कोणाच्या ताब्यात नाही आणि कधीही नव्हता. माणूस न्यायालयात पुष्कळ बोलतो. पण या एका वाक्यावर सही करताना हात थबकतो, असे मी अनेकदा पाहिले आहे.

यादी झाल्यावर पाहणीचा प्रश्न येतो. प्रतिपक्षाने आपल्या दाव्यात, कैफियतीत किंवा प्रतिज्ञापत्रात ज्या कागदाचा उल्लेख केला आहे, तो पाहण्यासाठी आणि त्याची नक्कल घेण्यासाठी आपण त्याला नोटीस देऊ शकतो. नोटीस मिळाल्यापासून दहा दिवसांत त्याने उत्तर द्यायचे आणि त्या उत्तरापासून तीन दिवसांच्या आतली वेळ आपल्या वकिलाच्या कचेरीत पाहणीसाठी ठरवून द्यायची. सावकारी किंवा व्यापारी खतावण्या असतील, तर त्या जिथे नेहमी ठेवल्या जातात तिथेच त्या पाहायच्या. त्याने टाळाटाळ केली, तर न्यायालय पाहणीचा हुकूम करते. याशिवाय न्यायालयाच्या परवानगीने लेखी प्रश्नमालिका पाठवून शपथेवर उत्तरे मागवता येतात. कागद दाव्याच्या पक्षाकडे नसून बँकेकडे किंवा तिऱ्हाइताकडे असेल, तर त्याला तो घेऊन येण्याचे समन्स काढता येते.

हुकूम मोडला तर काय? वादीने मोडला, तर त्याचा दावा काढून टाकला जाऊ शकतो. प्रतिवादीने मोडला, तर त्याचा बचाव रद्द होऊ शकतो, म्हणजे त्याने कैफियत दिलीच नव्हती असे मानले जाते. अर्थात हे शस्त्र न्यायालये सहसा उपसत नाहीत. १९७८ साली बब्बर सुइंग मशीन कंपनीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, हा कठोर उपाय केवळ हेतुपुरस्सर आणि हट्टाने केलेल्या अवज्ञेसाठीच आहे. नेमका याच सौम्यपणाचा फायदा घेऊन तारखांमागून तारखा काढणारे महाभाग आहेत. त्यांना वाटते, मूठ झाकलेलीच राहिली. त्यांच्यासाठी आता मी तुम्हांला मनीमाजऱ्याहून थेट आपल्या मुलखात, कल्याणजवळच्या मलंगगडावर नेतो.

हाजी मलंग दर्ग्याची व्यवस्था केतकर घराण्याकडे परंपरेने होती, हे आपल्यापैकी ठाणे-कल्याणच्या मंडळींना ठाऊक असेल. तिथल्या एका जमिनीविषयी, तिचा नंबर १३४, वाद झाला. ती जमीन दर्ग्याची की व्यवस्थापकाच्या खाजगी मालकीची, हा प्रश्न होता. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि १९६८ साली गोपाळ कृष्णाजी केतकर विरुद्ध महंमद हाजी लतीफ या नावाने त्याचा निकाल झाला. या जमिनीचे उत्पन्न आपण घेतो आणि दर्ग्याच्या उत्पन्नाचा हिशेब वेगळा ठेवलेला आहे, हे व्यवस्थापकांनी मान्य केले होते. पण ना आपला हिशेब त्यांनी न्यायालयात आणला, ना दर्ग्याचा. युक्तिवाद असा होता की, ही गोष्ट शाबीत करण्याचा भार आमच्यावर नाही, आणि आम्हांला कोणी वह्या आणायला सांगितलेही नव्हते.

सर्वोच्च न्यायालयाने हा युक्तिवाद फेटाळला. शाबितीचा भार कोणावरही असो, वादावर प्रकाश टाकणारा महत्त्वाचा कागद ज्याच्या हाती आहे त्याने तो पुढे आणला नाही, तर न्यायालय त्याच्याविरुद्ध अनुमान काढू शकते, असे न्यायालयाने स्पष्ट केले. केवळ भाराच्या तात्त्विक चर्चेवर विसंबून कागद दाबून ठेवण्याची प्रथा योग्य नव्हे, असे प्रिव्ही कौन्सिलने १९१७ सालीच म्हटले होते. त्याचा आधार घेतला गेला. आज देशातल्या कोणत्याही दिवाणी न्यायालयात प्रतिपक्षाने कागद दडवला, की वकील उठून पहिले नाव घेतो ते केतकरांच्या या खटल्याचे. चंडीगढच्या न्यायालयात पंजाबी वकिलांच्या तोंडून ते मराठी नाव मी कितीदा ऐकले, त्याची गणती नाही.

आता हे दोन खटले शेजारी ठेवून पाहा. मनीमाजऱ्यात पुढे आणलेला कागद खोटा ठरला आणि आणणाऱ्यांची बाजू पडली. मलंगगडावर पुढे न आलेल्या वह्यांचा ठपका त्या न आणणाऱ्यावर आला. न दाखवलेला कागदही न्यायालयात बोलतो. आणि तो बोलू लागला की, ज्याने तो दडवला त्याच्याविरुद्धच बोलतो. १९९३ साली तर सर्वोच्च न्यायालयाने चेंगलवराय नायडू यांच्या प्रकरणात एक पाऊल पुढे टाकले. स्वतः लिहून दिलेले हक्कसोडपत्र दडवून ज्याने हुकूमनामा मिळवला, त्याने न्यायालयाचीच फसवणूक केली. असा हुकूमनामा मुळातच शून्य, असे त्यात ठरले.

इथपर्यंत वकील बोलला. आता मला माणूस म्हणून बोलायचे आहे. आणि ते थोडे अवघड आहे.

१९७४ साली मी या शहरात आलो. वडील निवर्तल्यावर आई माझ्याकडे मनीमाजऱ्यात राहायला आली, ती एक पत्र्याची ट्रंक घेऊन. आमचे मूळ घर रत्नागिरी जिल्ह्यात. घर आणि आंब्याची बाग, दोन्ही सामाईक. वडील नोकरीनिमित्त गाव सोडून गेले, ते कायमचेच; मागे राहिले काका, काकू आणि त्यांचा मुलगा, ज्यांना मी दादा म्हणतो. १९८६ साली मी वाटपाचा दावा लावला. बागेचे उत्पन्न वर्षानुवर्षे दादा घेत होते आणि हिशेब कोणी दिला नव्हता. मी वकील, मीच अर्ज लिहून आमच्या तिकडच्या वकिलांकडे पाठवला की, प्रतिवादींनी बागेचे हिशेब शपथेवर प्रकट करावे. न्यायालयाने हुकूम केला. पण दादांच्या वकिलांनीही तसाच अर्ज माझ्याविरुद्ध केला, आणि त्यावरही हुकूम झाला.

मी ट्रंक उघडली. तळाशी वडिलांच्या हातची एक निळ्या कागदाची पावती होती. माझ्या थोरल्या बहिणीच्या लग्नाच्या वेळी काकांकडून अकरा हजार रुपये पोचले. ते बागेतील माझ्या हिश्श्यापोटी समजावे. खाली वडिलांची सही. अक्षर असे की, मी डोळे मिटूनही ओळखावे.

माझ्यातला वकील तत्काळ जागा झाला. स्थावर मिळकतीतला हक्क अशा नोंदणी नसलेल्या चिठोऱ्याने सुटत नाही. हा कागद हक्काच्या पुराव्यात येणारच नाही. मग तो यादीत लिहायचा कशाला? हा युक्तिवाद मी स्वतःपुढे केला आणि स्वतःच मान्य केला. मला उत्तर ठाऊक नव्हते असे नाही. १९७२ साली सेठी विरुद्ध कपूर या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले होते की, प्रकट करावयाचा कागद पुराव्यात ग्राह्य असलाच पाहिजे असे नाही. वादावर त्याचा प्रकाश पडत असेल, तर तेवढे पुरे. दुसऱ्यांच्या दाव्यांत हेच वाक्य मी न्यायाधीशांना वाचून दाखवले होते. स्वतःच्या दाव्यात मात्र मी प्रतिज्ञापत्र लिहायचेच टाळले. एकदा प्रवासाची अडचण, एकदा प्रकृतीचे निमित्त, एकदा नुसतीच मुदत. एक वर्ष गेले.

त्या वर्षात काकू गेल्या. लहानपणी मे महिन्यात गावी गेलो की माझ्या ताटात पहिला आंबा कापून वाढणारी माझी काकू. तार आली तेव्हा दावा चालू होता. अशा वेळी समोरच्या पक्षाच्या घरी कसे जायचे, असे मी आईला म्हणालो. आई काही बोलली नाही. रात्री दिवा मालवताना एवढेच म्हणाली, “अरे, तो निळा कागद तू लिहिलास का रे त्या यादीत?” तिने तो कागद पाहिला होता, हे मला ठाऊकच नव्हते. मी म्हटले, “नाही लिहिला.” ती म्हणाली, “ह्यांची सही आहे त्याच्यावर. ती लपवायला ते काही चोर नव्हते.”

दुसऱ्या दिवशी मी प्रतिज्ञापत्र केले. पहिल्या यादीच्या पहिल्या भागात, अनुक्रमांक चारवर, ती पावती लिहिली. पाहणीच्या दिवशी मी स्वतः गेलो. दादांनी पावती हातात घेतली, पुष्कळ वेळ पाहिली. मग आपली हिशेबाची वही माझ्यापुढे सरकवली. तिच्यात आंब्याच्या पेट्यांचा हिशेब तर होताच. शिवाय माझ्या वडिलांनी आजीच्या औषधपाण्यासाठी दरमहा पाठवलेल्या पन्नास रुपयांच्या नोंदी होत्या, सलग सात वर्षांच्या. त्या नोंदी दादांच्या विरुद्ध जाणाऱ्या होत्या. त्यांनीही त्या झाकल्या नव्हत्या. एकाच टेबलावर ते दोन कागद आल्यावर दाव्यात भांडण्यासारखे फारसे उरले नाही. बाग दादांकडे राहिली, घराच्या अर्ध्या खोल्या आमच्याकडे आल्या आणि तडजोडीचा हुकूमनामा झाला. आज माझी नातवंडे गणपतीला त्याच घरी जातात.

लोक म्हणतील, शेवट गोड झाला. काकूंच्या दिवसांना मी गेलो नाही, ही गोष्ट मात्र कोणत्याही हुकूमनाम्याने भरून निघाली नाही. झाकलेल्या मुठीची खरी किंमत ती. ती सव्वा लाखात मोजता येत नाही.

आता थोडे व्यवहाराचे. नवी पिढी मला विचारते, काका, हे सारे जुन्या कागदांच्या काळातले नव्हे का? तसे नाही. २०१५ च्या व्यापारी न्यायालयांच्या कायद्याने व्यापारी दाव्यांसाठी अकरावा आदेश नव्याने लिहिला. त्यात कोणी अर्ज करण्याची वाट न पाहता प्रत्येक पक्षाने आपल्या ताब्यातील सारे संबंधित कागद आरंभीच प्रकट करायचे असतात. आपल्या बाजूचे आणि आपल्या विरुद्धचेही. घरगुती वाटपाच्या दाव्यांना ही तरतूद लागू नाही. पण वारे कोणत्या दिशेने वाहते आहे, ते यावरून कळावे. ज्यांची मुले अमेरिकेत आहेत, त्यांना तिथली रीत ऐकून माहीत असेल. तिथल्या संघीय न्यायालयांत १९३८ पासून ही प्रथा फार व्यापक झाली आहे. एक पक्ष दुसऱ्याकडे थेट कागद मागतो आणि साधारणतः तीस दिवसांत उत्तर द्यावे लागते. तिथे खर्चाचा अतिरेक होतो, आपल्याकडे विलंबाचा. मोबाइलमधले संदेश आणि ई-पत्रे हेही आता कागदच आहेत. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाप्रमाणे ती योग्य त्या प्रमाणपत्रासह पुराव्यात येतात. भावाशी भांडण झाले म्हणून रागाच्या भरात जुने संदेश पुसून टाकू नका. पुसलेल्या संदेशावरूनही अनुमान निघते.

मात्र सगळेच उघडे करावे लागते, असा गैरसमज नको. पक्षकार आणि त्याचा वकील यांच्यातला सल्लामसलतीचा पत्रव्यवहार सुरक्षित आहे. राज्यकारभाराच्या काही कागदांनाही संरक्षण आहे. तसेच “तुमच्याकडे असतील ते सगळे कागद आणा” अशी मोघम मागणी न्यायालय मान्य करीत नाही. कागद कोणता, कोणत्या सुमाराचा, त्याच्या ताब्यात असावा असे कशावरून वाटते आणि वादाशी त्याचा संबंध काय, एवढे अर्जात लिहिले तर अर्ज टिकतो.

दूरस्थ कुटुंबांनी एक गोष्ट विशेष ध्यानात ठेवावी. इथे ज्याला आपण पटवारी म्हणतो तो तिकडचा तलाठी. इथली जमाबंदी म्हणजे ढोबळमानाने तिकडचा सातबारा, आणि इथला इंतकाल म्हणजे तिकडचा फेरफार. सातबाऱ्याचा उतारा आता घरबसल्या निघतो. परंतु सातबारा आणि फेरफार या महसुली नोंदी आहेत. त्यांवर नाव चढले म्हणून मालकी सिद्ध होत नाही, आणि नाव उतरले म्हणून ती जात नाही. मालकी सांगतात ती खरेदीखते, वाटपपत्रे, हक्कसोडपत्रे, मृत्युपत्रे. नोंदणी झालेल्या दस्तांची सही-शिक्क्याची नक्कल दुय्यम निबंधकाच्या कचेरीतून मिळवता येते. पण पावत्या, पत्रे, हिशेबाच्या वह्या यांची दुसरी प्रत जगात कुठेही नसते. त्या ट्रंकेतच असतात.

म्हणून माझी आपणा सर्वांना विनंती आहे. या दिवाळीच्या सफाईत घरातली ती ट्रंक एकदा उघडा. आत जे आहे त्याची यादी करा, त्या यादीवर तारीख घाला आणि तिची प्रत गावाकडच्या भावाला, बहिणीला पाठवा. त्यांच्याकडूनही तशीच मागवा. मोडीतले कागद असतील तर जाणकाराकडून त्यांचे बाळबोध लिप्यंतर करून घ्या, पण मूळ कागद फेकू नका, त्यावर काही लिहू नका. वडीलधारी मंडळी हयात आहेत तोवर, कोणते अक्षर कोणाचे, हे त्यांना विचारून ठेवा. न्यायालय वर्षानुवर्षे झगडून आणि दोन्ही बाजूंचा पैसा घालवून जे करायला लावते, ते भावंडांनी आपखुशीने एका दुपारी केले, तर माझ्यासारख्या वकिलांचे नुकसान होईल खरे. पण ते आम्ही सोसू.

फरीदकोटच्या मृत्युपत्राने तीस वर्षे खाल्ली. माझ्या निळ्या कागदाने एकच वर्ष खाल्ले; पण ते वर्ष मला परत मिळाले नाही. पन्नास वर्षे या मंडळाने आपल्याला एकमेकांच्या सुखदुःखात बांधून ठेवले, ते आपण एकमेकांपुढे मोकळेपणाने बसतो म्हणून. तोच मोकळेपणा आपल्या घरच्या कागदांच्या बाबतीतही राहो, एवढी सदिच्छा व्यक्त करतो.